गावी परतणाऱ्यालाच भूत का दिसते?

काही दिवसांपूर्वी वाशीमला शिक्षकांच्या एका बैठकीसाठी गेलो होतो. बैठक संपल्यावर अकरावीतल्या एका मुलीने प्रश्न विचारला, "सर, या भुताच्या गोष्टींमध्ये शहरातला माणूस गावी आला की त्यालाच भूत भेटतं. गावात रोज राहणाऱ्या माणसाला का नाही भेटत?" सगळे हसले. मीही हसलो आणि काहीतरी उत्तर देऊन वेळ मारून नेली. परतीच्या प्रवासात मात्र तो प्रश्न डोक्यातून जाईना. समीक्षकाने विचारावा असा तो प्रश्न होता, आणि निरीक्षण म्हणून तो शास्त्रीयही होता. त्याचे उत्तर शोधण्याचा हा प्रयत्न.

या गोष्टींचा सांगाडा ओळखीचा आहे. नायक लहानपणी गाव सोडतो. बऱ्याच वर्षांनी, कुणाच्या मृत्यूमुळे किंवा वाटणीच्या निमित्ताने, परत येतो. जुने घर तसेच उभे असते. कुणीतरी "रात्री थांबू नको" असे सांगते, तो थांबतो, आणि घराने लपवलेली जुनी गोष्ट एकेक पदर सोडत बाहेर येते. अमेरिकन लेखक स्टीफन किंगच्या १९७५ सालच्या 'सालेम्स लॉट' या कादंबरीत एक लेखक बालपणीच्या गावी परततो. त्याच्याच १९८६ सालच्या 'इट'मध्ये लहानपणचे मित्र सत्तावीस वर्षांनी पुन्हा गावात जमतात. मराठीत नारायण धारपांच्या (१९२५–२००८) 'लुचाई' आणि 'शपथ' या कादंबऱ्या याच दोन पुस्तकांवर बेतलेल्या म्हणून वाचकांना परिचित आहेत. २०१६ साली सुरू झालेल्या 'रात्रीस खेळ चाले' या मालिकेत अण्णा नाईकांच्या मृत्यूनंतर कुटुंब कोकणातल्या घरी जमते आणि तिथून खेळ सुरू होतो. राही अनिल बर्वे यांच्या २०१८ सालच्या 'तुंबाड' या हिंदी चित्रपटातला विनायक पंधरा वर्षांनी वाड्यात परततो. हा चित्रपट २०२४ मध्ये पुन्हा चित्रपटगृहांत लागला, तेव्हा पहिल्या खेपेपेक्षा जास्त चालला. म्हणजे ही गोड लागणारी भीती लोकांना अजून हवी आहे.

ती का हवी असते? भीतीने हृदयाचे ठोके वाढतात, अॅड्रिनॅलिन स्रवते, लक्ष एकवटते. आपण खुर्चीत सुरक्षित आहोत हे ठाऊक असल्यामुळे हीच उत्तेजना सुखद वाटते. पण हे स्पष्टीकरण आकाशपाळण्यालाही लागू पडते. गावी परतण्यातच ही भीती का मुरते, हे त्यातून कळत नाही.

इथे दोन जुने शब्द उपयोगी पडतात. १६८८ साली योहानेस होफर या वैद्यकाच्या विद्यार्थ्याने आपल्या प्रबंधात 'नॉस्टॅल्जिया' हा शब्द घडवला. ग्रीक भाषेत 'नॉस्टॉस' म्हणजे घरी परतणे आणि 'अल्गॉस' म्हणजे वेदना. आज आपण ज्याला गोड स्मरणरंजन म्हणतो, ते मुळात एका आजाराचे नाव होते. दुसरा शब्द सिग्मंड फ्रॉइडच्या १९१९ सालच्या निबंधातला. गूढ भीतीसाठी जर्मन भाषेत जो शब्द आहे, त्याच्या पोटात 'घर' हा शब्द दडलेला आहे. फ्रॉइडचे म्हणणे असे, की पूर्णपणे अनोळखी गोष्टीपेक्षा, एके काळी ओळखीची असलेली आणि नंतर मनाने दडपलेली गोष्ट परत आली की अशी भीती वाटते. फ्रॉइडच्या अनेक कल्पना पुढे टिकल्या नाहीत. पण या कथांचे वर्णन म्हणून हे निरीक्षण चपखल बसते.

स्मृतीवरचा एक प्रयोगही शिक्षकांना माहीत असावा. १९७५ साली गॉडन आणि बॅडली यांनी पाणबुड्यांना काही शब्द पाण्याखाली आणि काही जमिनीवर पाठ करायला दिले. जिथे पाठ केले तिथेच ते अधिक आठवतात, असे त्यांना आढळले. यावरून 'जागा तीच असली की आठवणी जाग्या होतात' हे तत्त्व पाठ्यपुस्तकांत रूढ झाले. मात्र २०२१ साली हा प्रयोग पुन्हा केला गेला तेव्हा तसा परिणाम आढळला नाही. म्हणून जुन्या घराच्या उंबरठ्यावर सगळे झरझर आठवते, हे भयकथेतले दृश्य अनुभवाला पटले तरी सिद्ध नियम म्हणून मुलांना सांगू नये.

आता त्या मुलीच्या प्रश्नाकडे येऊ. एक उत्तर पदार्थविज्ञानात आहे. वऱ्हाडात दिवस आणि रात्र यांच्या तापमानात मोठा फरक असतो. दुपारी तापलेला टिनाचा पत्रा रात्री ४० अंशांनी थंड झाला असे धरू. पोलादाचा प्रसरणांक दर अंशाला सुमारे ०.००००१२ आहे. तीन मीटर लांबीचा पत्रा त्यामुळे जवळजवळ दीड मिलिमीटर आखडतो. खिळ्याशी अडून तो एकदम सुटला की मध्यरात्री 'टण्ण' असा आवाज होतो. शिवाय बंद खोलीत गव्हाणी घुबड असते, माळ्यावर वटवाघळे असतात. गावात राहणाऱ्याच्या कानाला हे आवाज सरावाचे झालेले असतात, आणि सरावाच्या आवाजाकडे मेंदू लक्ष देत नाही. दहा वर्षे पुण्यात काढलेल्या माणसाचे कान मात्र नवखे असतात. भूत त्याला भेटते, कारण आवाज त्याला एकट्याला ऐकू येतो.

अशा अनुभवांचा छडा लागल्याची उदाहरणे आहेत. १९२१ साली विल्यम विल्मर या अमेरिकन नेत्रतज्ज्ञाने एका 'झपाटलेल्या' घराची हकीकत प्रसिद्ध केली. पावलांचे आवाज, डोकेदुखी, छातीवर दडपण ही सारी लक्षणे बिघडलेल्या भट्टीतून घरात पसरणाऱ्या कार्बन मोनॉक्साइडमुळे होती. व्हिक टँडी या इंग्रज अभियंत्याने १९९८ साली लिहिले, की आपल्या प्रयोगशाळेतली 'करडी आकृती' आणि बेचैनी यांच्या मुळाशी एका पंख्यामुळे निर्माण झालेल्या, सेकंदाला सुमारे १९ कंपनांच्या, कानाला न कळणाऱ्या ध्वनिलहरी असाव्यात. एका घटनेवरून नियम ठरत नाही. पण 'घाबरण्याआधी मोजून पाहा' हा धडा दोन्हींतून मिळतो. बंद खोलीत कोळशाची शेगडी पेटवून झोपू नये, हा धडा तर जीव वाचवणारा आहे.

दुसरे उत्तर समाजात आहे, आणि मला ते अधिक महत्त्वाचे वाटते. मराठीतले हे भूत बहुतेक वेळा कोकणातच का असते? पाऊस, शेवाळ आणि दाट झाडी हे एक कारण झाले. पण कोकणातली माणसे पिढ्यान्‌पिढ्या मुंबईला गिरणीत आणि गोदीत कामाला गेली आणि गणपती-शिमग्याला परतत राहिली, हे त्याहून मोठे कारण आहे. परतण्याची गोष्ट तिथे घराघरात होती. म्हणजे ही कथा गाव सोडलेल्याची आहे. लिहिणारा तो, वाचणाराही तोच. मागे राहिलेल्यांबद्दलचा त्याचा अपराधी भाव भुताचे रूप घेऊन येतो. गावात राहणाऱ्याला हे भूत दिसत नाही, कारण ते त्याच्या मनातले नाही.

याच कसोटीवर 'तुंबाड' मला मोठा वाटतो. वाड्यातली म्हातारी भयानक आहे. पण ती मुळात मागे सोडून दिलेली, भुकेली म्हातारी आहे. कथा १९१८ पासून १९४७ पर्यंत चालते, आणि शाप लोभातून बापाकडून मुलाकडे जातो. शिवाय हस्तरचे नियम ठरलेले आहेत. कणकेच्या बाहुलीचे आमिष दाखवून मोहरा मिळवायच्या, हे विनायक शिकतो. पुढे बाप-लेक 'बाहुल्या जास्त नेल्या तर?' असे गृहीतक मांडतात आणि त्याची किंमत मोजतात. संकट बाहेरून येत नाही, माणसाच्या कृत्यातून येते.

सामान्य भयकथा नेमके इथेच घसरतात. घरातला गुन्हा, हडपलेली जमीन, फसवलेली बाई यांची सुरुवात त्या छान करतात, आणि मग सारे 'करणी'वर ढकलून मोकळ्या होतात. गुन्हेगार सुटतो, आणि गावाच्या कडेला राहणारी एकटी बाई चेटकीण ठरते. पडद्यावर हा कंटाळवाणा शेवट असतो. गावात तो एखाद्या जिवंत बाईच्या जिवावर बेततो. २० ऑगस्ट २०१३ रोजी डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा खून झाला आणि त्याच वर्षी महाराष्ट्रात जादूटोणाविरोधी कायदा आला. एखादी व्यक्ती करणी करते असे जाहीर करून तिला छळणे हा त्यानुसार गुन्हा असून, सहा महिने ते सात वर्षे कारावासाची शिक्षा आहे. कायदा कथा-कादंबऱ्या लिहिण्याच्या आड येत नाही, आणि येऊही नये. भयकथा वाचू नका, असे मुलांना सांगण्यात अर्थ नाही. मी स्वतः धारप आवडीने वाचतो.

वाशीममध्ये बसून ही गोष्ट लिहायची झाली, तर त्यात भूत कोणते असेल? २००६ साली पंतप्रधानांनी जाहीर केलेल्या मदतीच्या योजनेत विदर्भातले जे सहा जिल्हे होते, त्यांत वाशीम होता. बापाचे कर्ज मुलाकडे येणे ही इथे रूपककथा नाही. पुण्याहून दिवाळीला आलेला मुलगा कुलूप उघडतो, तेव्हा त्याला घाबरवणारी वस्तू बहुधा कपाटातली जुनी कागदपत्रे असते. ही भयकथा अजून कुणी नीट लिहिलेली मला तरी आढळली नाही.

शिक्षकांनी वर्गात एक उपक्रम करून पाहावा. मुलांना त्यांची आवडती भुताची गोष्ट सांगू द्यावी आणि तीन प्रश्न विचारावेत. आवाज कशाचा असू शकेल? गोष्टीत मूळ अन्याय कुणी केला? आणि शेवटी शिक्षा कुणाला झाली? पहिला प्रश्न विज्ञानाच्या तासाचा, उरलेले दोन मराठीच्या. तिन्हींची उत्तरे शोधूनही गोष्ट आवडलीच, तर ती चांगली गोष्ट आहे असे समजावे. त्या मुलीला मी हे उत्तर तेव्हा देऊ शकलो नाही. तिच्या शिक्षकांपर्यंत हा अंक पोहोचेल, अशी आशा आहे.