पवळाबाईचा हिशोब

पट्ठे बापूरावांवरचं बहुतेक लिखाण वाचा, पवळाबाई हिवरगावकर त्यात सापडते ती बापूरावांच्या गोष्टीतलं एक प्रकरण म्हणून. रेठरे हरणाक्षचा श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी, बामणाचं पोर, महारणीपायी जात सोडून फडात आला. त्याचा त्याग मोठा! आणि ती? देखणी. त्याच्या लावणीची प्रेरणा. बस्स.

माझा सवाल साधा आहे. लावणी कागदावर पुरी होते काय? ढोलकीला पाय कुणी दिला? शब्द कुठं तोडायचा, कुठं ओढायचा, एकच ओळ किती अदांनी फिरवायची, ही निर्मिती नव्हे? कापडावर गिरणीचा शिक्का उठतो, विणणाऱ्याचं नाव नाही. साच्यावर उभ्या राहिलेल्याला हे शिकवावं लागत नाही.

पण दोस्तहो, दोष एकट्या सवर्ण समीक्षकांचा नाही. बापूरावांनी चळवळीला देऊ केलेला तमाशाचा पैसा बाबासाहेबांनी नाकारला. तो नकार आपल्या बाया नाचवणाऱ्या व्यवस्थेला होता. आपण मात्र नाचणारीलाच नाकारलं. त्यांनी तिला शोभा केली, आपण लाज. शैलजा पाईक यांनी २०२२ साली तमाशातल्या दलित बायांवर इंग्रजीत ग्रंथ लिहिला. मराठीत आपण काय केलं?

तमाशाचे गोडवे गाऊ नका. जातीनं गळ्यात मारलेलं ते काम होतं. पण त्यात राबून पवळानं जे उभं केलं, ते तिच्या नावावर मांडा. बापूरावांच्या लावणीवर लिहाल तेव्हा ती बोर्डावर कुणी उभी केली, तेही लिहा.