पेंढा भरलेला वाघ आणि घडवलेला वाघ : टॅक्सीडर्मीतील नैतिकता आणि कल्पकता

प्रास्ताविक

'पेंढा भरलेला वाघ' हा शब्दप्रयोग तुम्ही ऐकला असेल. वरून वाघ, आत काहीच नाही, असा त्याचा सूर. टॅक्सीडर्मीकडे कला म्हणून पाहायचे तर हा शब्द आधी बाजूला ठेवावा लागतो. आज कातडी मीठ लावून टिकवतात, कमावतात. मोजमापांवरून तार, माती, फायबर यांतून देह वेगळा घडवतात. काचेचे डोळे बसवून कातडी वर चढवतात आणि शिवतात. कातडी प्राण्याची, खांद्याचा उतार, मानेचा कल, नजरेची दिशा मात्र कलावंताने ठरवलेली.

शिकारीची परंपरा

म्हैसूरच्या व्हॅन इंजेन कारखान्याने विसाव्या शतकात संस्थानिक आणि साहेबांसाठी हजारो वाघ-बिबटे घडवले. कसब अव्वल होते. पण उघडा जबडा आणि बाहेर आलेले सुळे कोणाचा गौरव करतात, ते पाहा. जनावर जितके उग्र, तितका शिकारी शूर! 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानंतर हा व्यवसाय आटला आणि 1999 मध्ये कारखाना बंद झाला.

डॉ. संतोष गायकवाड

मुंबई पशुवैद्यकीय महाविद्यालयात शरीररचनाशास्त्र शिकवणारे डॉ. गायकवाड मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयातील प्राणी पाहून या कलेकडे वळले. 2009 मध्ये बोरिवलीच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात त्यांच्या पुढाकाराने टॅक्सीडर्मी केंद्र सुरू झाले. तेथे कलेसाठी प्राणी मारला जात नाही. आपसूक मेलेला प्राणी वनखात्याच्या परवानगीने घेतला जातो.

या नियमाचा परिणाम केवळ कायदेशीर नाही, तो कलात्मकही आहे. खूश करायला शिकारीच नाही, तेव्हा सुळे दाखवण्याचे कारण उरत नाही. हौशी हात कातडी फुगवतो; शरीररचना जाणणारा हात कातडीखालचा स्नायू दाखवतो. कल्पकता इथे नवा प्राणी रचण्यात नाही. समोर निपचित पडलेल्या देहावरून तो उभा कसा राहत असेल, हे ओळखण्यात आहे.

एक आक्षेप

तरीही प्राणी कसा मेला, एवढ्यावर नैतिकतेचा प्रश्न संपत नाही. पिंजऱ्यात म्हातारा झालेला सिंह माळावर रुबाबात उभा केला, तर आपण त्याचे चरित्र बदलतो. नवा रायपूरच्या जंगल सफारीत भर दुपारी गेलात, तर वाघ बहुधा सावलीत लोळताना दिसेल. टॅक्सीडर्मीत असा झोपाळू वाघ क्वचितच भेटतो. प्रेक्षकाला राजा हवा असतो. शिकारी गेला, तरी त्याची नजर प्रेक्षकात उरू शकते. म्हणून प्राणी कुठे जगला, कसा मेला, हे सांगणारी पाटी कलाकृतीचाच भाग मानली पाहिजे. त्या पाटीविना उत्तम कामही अर्धेच खरे बोलते.

समारोप

गायकवाड यांच्या कामाचे मोल असे की, त्यामुळे हा दुसरा प्रश्न विचारता येतो. शिकारीच्या वाघासमोर पहिल्या प्रश्नावरच अडावे लागत होते.

विचारार्थ प्रश्न

1. जवळच्या संग्रहालयातील एखादा प्राणी पाहा. त्याची ढब कोणाचा गौरव करते : प्राण्याचा, मारणाऱ्याचा की पाहणाऱ्याचा?
2. त्या प्राण्यासाठी चार ओळींची पाटी लिहा.