अवमान कुणाचा?

‘न्यायालयाचा अवमान’ हा शब्दप्रयोग आपण इतक्या सहजपणे करतो की त्यातला पेच ध्यानातच येत नाही. निकाल लागतो, शासन तो पाळत नाही, आणि ज्याच्या बाजूने निकाल लागला त्यालाच पुन्हा कोर्टाची पायरी चढावी लागते. तिथे कायदा प्रथम विचारतो : न्यायालयाच्या आज्ञेचा मान राखला गेला काय? बुडालेल्या हक्काचा प्रश्न मागे पडतो. पिढ्यान्‌पिढ्या अवमान भोगलेल्या समाजाने या शब्दाची चिकित्सा केलीच पाहिजे.

आम्ही अलोऱ्याची माणसे चिपळूणला उतरलो की महामार्ग उत्तरेला महाडकडे जातो. डिसेंबर १९२७ मध्ये सवर्णांनी चवदार तळ्याबाबत दिवाणी कोर्टातून तात्पुरता मनाईहुकूम मिळवला. पाणी घेण्याच्या निर्धाराने हजारो माणसे जमली होती. तरीही बाबासाहेबांनी सत्याग्रह तहकूब केला. मिरवणूक तळ्याला वळसा घालून पाण्याला न शिवता परतली. दावा मात्र नेटाने लढवला गेला. १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने सवर्णांचे अपील फेटाळले. अनादी काळापासूनची रूढी त्यांना सिद्ध करता आली नाही. म्हणजे ज्यांना पाण्याचाही हक्क नव्हता, त्यांनी विरोधातला हुकूम पाळून जवळजवळ दहा वर्षे वाट पाहिली.

आता सत्ताधाऱ्यांचे आज्ञापालन पाहू. सर्वोच्च न्यायालयाने २७ मार्च २०१४ रोजी आदेश दिला की १९९३ पासून गटारात मेलेल्या सफाई कामगारांची कुटुंबे शोधून प्रत्येकी दहा लाख रुपये द्यावेत. २० ऑक्टोबर २०२३ रोजी ही भरपाई तीस लाख करताना त्याच न्यायालयाला अंमलबजावणीसाठी पुन्हा निर्देश द्यावे लागले.

१९७१ च्या अवमान कायद्यात अवज्ञा ‘हेतुपुरस्सर’ असावी लागते. या एका शब्दाच्या आड सारे कार्यालय लपते : फाईल वर गेली आहे, निधी आलेला नाही, साहेबांची बदली झाली. शिक्षा जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद आणि दोन हजार रुपये दंड. प्रामाणिक माफीने तीही टळू शकते. अवज्ञेपासून वर्ष उलटले की सहसा दारच बंद. विधवेचे मात्र वर्षामागून वर्ष जाते.

न्यायालयाला धार नाही असे नव्हे. मे २००६ मध्ये महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव यांना सॉ मिलसंबंधीच्या आदेशाची अवज्ञा केल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने एकेक महिन्याची कैद सुनावली. जंगलासाठी वापरलेली ही धार गटारात गुदमरलेल्या माणसासाठीही वापरावी, ही मागणी आपण केली पाहिजे.

म्हणून कार्यकर्त्यांनी निकालाच्या दिवशी पेढे वाटून थांबू नये. आदेशाची प्रमाणित प्रत जबाबदार अधिकाऱ्याच्या हाती द्यावी, सही-शिक्क्याची पोच जपावी, तारीख मोजावी. पोच हाती असली की ‘आम्हांला माहीत नव्हते’ हे म्हणता येत नाही. आणि याचिकेत न्यायालयाच्या मानाबरोबरच ज्याचा हक्क डावलला गेला त्या माणसाचा अवमानही स्पष्ट शब्दांत लिहावा. तो आजवर कागदावर आलेलाच नाही.