नियमातलं जेवण आणि हिशेबातलं जेवण : बार्बरा हार्वी यांचं पुस्तक वाचताना

पीएच.डी.च्या पहिल्या वर्षी मी एक चूक केली होती. आज तिच्यापासूनच सुरुवात करते, कारण तुमच्यापैकी अनेकजण आत्ता सिनॉप्सिस लिहीत असाल आणि हीच चूक करत असाल.

माझ्या आराखड्यात मध्ययुगीन इंग्लंडमधल्या मठांच्या दिनक्रमावर एक प्रकरण होतं. मी लिहिलं होतं : मठवासी रात्रीच उठत, दिवसरात्र मिळून आठ वेळा प्रार्थनेला जमत, चतुष्पाद प्राण्यांचं मांस खात नसत, सगळे एकाच दालनात झोपत. चांगली पाच पानं झाली होती. गाइडनी ती वाचली आणि समासात पेन्सिलीनं एवढंच लिहिलं, "असं ते करत होते, की त्यांनी असं करावं असं कुणी सांगितलं होतं?"

माझी पाचही पानं संत बेनेडिक्टच्या नियमावलीवर उभी होती. ती नियमावली सहाव्या शतकात, इटलीत लिहिलेली. मी बोलत होते चौदाव्या-पंधराव्या शतकातल्या इंग्लंडबद्दल! उद्या कुणी फक्त हॉस्टेलची नियमावली वाचून आपल्या हॉस्टेलच्या आयुष्यावर प्रबंध लिहिला तर आपण हसू की नाही? मी नेमकं तेच केलं होतं.

त्यानंतर मी वाचलं बार्बरा हार्वी यांचं 'लिव्हिंग अँड डाइंग इन इंग्लंड, ११००–१५४०'. पुस्तक १९९३ सालचं. विषय लंडनजवळचा वेस्टमिन्स्टरचा बेनेडिक्टाइन मठ. दानधर्म, आहार, आजारपण, मृत्यूचं प्रमाण, नोकरचाकर, आणि पैसे भरून मठाकडून अन्न-निवारा मिळवणारे लोक, अशी प्रकरणं आहेत. हार्वींचं मुख्य साधन आहे मठाचे हिशेब. स्वयंपाकघराच्या अधिकाऱ्यानं रोज काय घेतलं, किती मासे, किती मांस, किती अंडी, याच्या पंधराव्या शतकाच्या अखेरीच्या आणि सोळाव्याच्या सुरुवातीच्या नोंदी शिल्लक आहेत. त्यांवरून त्यांनी मठवाशाच्या ताटाचा हिशेब मांडला. एरवीच्या दिवशी माणशी सहा हजारांहून जास्त कॅलरींचं अन्न-पेय निघतं, आणि त्यातला मोठा वाटा मद्याचा.

आता हा आकडा वाचल्यावर आपल्या तोंडून काय निघतं? 'खायचे दात वेगळे आणि दाखवायचे दात वेगळे.' माझ्याही निघालं. पण इथेच थांबा, कारण पुस्तकाचं खरं मोल या वाक्याच्या पुढे आहे.

पहिली गोष्ट, तो आकडा वाढलेल्या अन्नाचा आहे, खाल्लेल्या अन्नाचा नाही. उरलेलं अन्न नोकरांकडे आणि दारावरच्या गरिबांकडे जाई. हार्वी हे स्वतःच सांगतात आणि प्रत्यक्ष खाणं बरंच कमी धरतात. पण पुढे लोकप्रिय लेखनात जातो तो फक्त मोठा आकडा, अट मागेच राहते. तुम्ही दुय्यम साधनातून आकडा उचलाल तेव्हा त्याची अटही सोबत उचला.

दुसरी गोष्ट जास्त गमतीची आहे. मठवासी नियम सरळ मोडत नव्हते, त्याचा अर्थ लावत होते. मांसबंदी आहे ना, ती मुख्य भोजनगृहात पाळायची. मग मांसासाठी दुसरी खोली, मिझरिकॉर्ड, म्हणजे दयेची किंवा सवलतीची खोली. शिवाय ताजं भाजलेलं मांस वेगळं आणि आधी शिजवून चिरलेल्या मांसाचा पदार्थ वेगळा, असाही भेद केला गेला. दुसऱ्या प्रकारचे पदार्थ भोजनगृहातही चालत. शेवटी १३३६ मध्ये पोप बाराव्या बेनेडिक्टनं ही व्यवस्था अधिकृतपणे मान्य केली : उपवासाचे काळ सोडून आठवड्यातले चार दिवस मांस चालेल, पण निम्मे मठवासी तरी मुख्य भोजनगृहातच जेवले पाहिजेत. याला नुसता ढोंगीपणा म्हणणं सोपं आहे. संशोधकानं विचारायचं ते हे, की नियम जिवंत ठेवून त्यातून वाट काढायला माणसांना एवढी खटपट का करावीशी वाटली?

आता माझी तक्रार. या पुस्तकात ताट दिसतं, पण ते ज्या भिंतींमध्ये वाढलं जायचं त्या भिंती फार कमी दिसतात. आणि भिंतीसुद्धा साधनच आहेत. मठाचा ठरावीक नकाशा तुम्ही पाहिला असेल : उत्तरेला चर्च, त्याच्या दक्षिणेला चौक, चौकाभोवती चारी बाजूंनी छपराची पडवी, पूर्वेला सभागृह आणि वर शयनगृह, दक्षिणेला भोजनगृह, पश्चिमेला कोठार. हा नकाशा बेनेडिक्टच्या नियमावलीत कुठेही नाही, तो नंतर घडत गेला. शिवाय कँटरबरी आणि ग्लॉस्टरला चौक चर्चच्या उत्तरेला आहे. म्हणजे नकाशासुद्धा एक प्रकारचा नियमच, आणि त्यालाही अपवाद आहेत.

शयनगृहाचं उदाहरण घ्या. नियम सांगतो, शक्यतो सगळ्यांनी एका जागी झोपावं. डरहॅमचं शयनगृह आजही उभं आहे, प्रचंड मोठं एकच दालन. नुसतं ते पाहिलं तर वाटेल, बघा, नियम पाळला. पण १५९३ सालचं डरहॅमच्या चालीरीतींचं वर्णन वाचलं तर कळतं, की आत लाकडी आडोसे होते आणि प्रत्येकाची स्वतंत्र खोली होती, खिडकी आणि मेजासकट. छप्पर एक, खोल्या अनेक! मिझरिकॉर्डसारखीच युक्ती, फक्त लाकडातली. हार्वींनी हिशेबाशेजारी अशा वास्तूही ठेवल्या असत्या तर त्यांचा मुद्दा दुप्पट पक्का झाला असता. अर्थात हे वर्णनही तपासून घ्या, कारण ते मठ बंद झाल्यावर पन्नासेक वर्षांनी लिहिलेलं आहे, आणि लिहिणाऱ्याला जुन्या दिवसांची हळहळ आहे.

दुसरी तक्रार शीर्षकाबद्दल. शीर्षकात 'इंग्लंड' आहे, आत मुख्यतः वेस्टमिन्स्टर. हा राज्याभिषेकाचा मठ, पन्नासेक मठवाशांचा, अतिशय श्रीमंत. यॉर्कशायरच्या दरीत ११३२ मध्ये सुरू झालेल्या सिस्टर्शियनांच्या फाउंटन्स मठाचं जग निराळं होतं. डरहॅम किंवा विंचेस्टरसारख्या ठिकाणी तर कॅथीड्रल हाच मठ होता. बिशप नावाचा प्रमुख आणि प्रत्यक्ष कारभार प्रायरकडे, ही इंग्लंडची खास पद्धत. एका मठाचा निष्कर्ष या सगळ्यांना लावताना जपून.

आणि हिशेब काय सांगत नाहीत? ज्याला पैसे पडले नाहीत ते सगळं. भांडणं, कंटाळा, श्रद्धा यांची नोंद कुणी खर्चाच्या वहीत करत नाही. त्यासाठी बेरी सेंट एडमंड्सच्या जोसलिनचा बाराव्या शतकाच्या अखेरचा वृत्तान्त आहे. त्यात मठाधिपती सॅमसन आहे, मठाचं कर्ज आहे, मठवाशांची कुजबुज आहे. पण जोसलिन काही काळ सॅमसनचाच खासगी धर्मगुरू होता, हेही विसरू नका.

एवढं असूनही हार्वींचं पुस्तक वाचाच, आणि मृत्यूवरचं प्रकरण तर नक्कीच. भरपूर अन्न, स्वच्छ पाणी, वैद्य, शुश्रूषागृह, सगळं असूनही पंधराव्या शतकात हे मठवासी तरुणपणी मरत होते. रोगराई एकत्र राहणाऱ्यांना जास्त गाठत होती. माझ्या पाच पानांतली ती घंटेबरोबर उठणारी माणसं मला पहिल्यांदा इथे खरी वाटली.

मी ते प्रकरण फेकलं नाही. क्रियापदं बदलली. 'खात नसत'च्या जागी 'खाऊ नये असा नियम होता', आणि त्याखाली हिशेब, खोली, वृत्तान्त. पाच पानांची अकरा झाली, आणि त्यांवर समासात काही आलं नाही.

आज एक काम करा. तुमच्या आराखड्यातलं एक पान घ्या. जिथे जिथे 'लोक असं करत' लिहिलंय तिथे खाली रेघ मारा, आणि शेजारी लिहा : हे मला कुणी सांगितलं? जिथे उत्तर सापडणार नाही, तिथून तुमचं संशोधन सुरू होतं.