दिलीप प्रभावळकर : नटामागील लेखक

दिलीप प्रभावळकरांविषयी लिहिताना 'बहुरूपी' हे विशेषण इतक्या सहजतेने योजिले जाते की, त्यांच्यातील लेखक उपेक्षित राहतो. 'हसवाफसवी'त त्यांनी सहा भूमिका केल्या हे खरे. परंतु त्या सहा बोली आधी लेखणीने घडविल्या होत्या, आणि लेखकही तेच होते. सत्तरच्या दशकाअखेरीस दूरदर्शनवर चिमणराव साकारताना ही घडण चिं. वि. जोशींकडून आयती मिळाली होती. 'अनुदिनी'त टिपरे कुटुंबीयांच्या रोजनिशीतून एकाच घराकडे पाहणाऱ्या अनेक दृष्टी त्यांना स्वतः निर्माण कराव्या लागल्या. त्यावर आधारलेल्या 'श्रीयुत गंगाधर टिपरे' (२००१) ह्या मालिकेत आबांची भूमिका लेखकानेच केली, आणि विभागलेली दृष्टी आबांभोवती गोळा झाली. मालिकेच्या लोकप्रियतेस हे केंद्र उपकारक ठरले असेल. मूळ कृतीचे मर्म मात्र त्यामुळे उणावले, असेच म्हणावे लागते.

हिंदीत परिस्थिती निराळी. 'लगे रहो मुन्नाभाई'त (२००६) संवाद दुसऱ्याचे, भाषाही मातृभाषा नव्हे. तेथे गांधींची नक्कल न करता त्यांनी केवळ स्वर संथ ठेवला. सहाय्यक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार देताना ह्या भूमिकेसमवेत मराठी 'शेवरी'तील भूमिकाही गौरविली गेली, हे यथोचितच झाले.