राणी, डॉन आणि ‘सहभाग’ : गुन्हेगारी विश्वातील स्त्रीच्या नाट्यचित्रणाचा विचार

१

स्पॅनिश भाषेतील दूरचित्रवाणी-मालिकांत गेल्या दोन दशकांमध्ये एक स्वतंत्र उपप्रकार रूढ झाला आहे. अमली पदार्थांच्या चोरट्या व्यापारात ओढली गेलेली, त्यात वर चढलेली किंवा त्यातच बळी पडलेली स्त्री ही ह्या मालिकांची नायिका होय. ‘तेलेनोव्हेला’ ह्या कौटुंबिक मालिकाप्रकारातून ही शाखा फुटली असल्याने तिला तिकडे ‘नार्कोनोव्हेला’ असे म्हणतात. कोलंबियातील काराकोल वाहिनीची ‘सिन तेतास नो आय पाराइसो’ (२००६), त्याच देशातील ‘रोसारिओ तिहेरास’ (२०१०) आणि अमेरिकेतील स्पॅनिश भाषकांसाठी चालणाऱ्या तेलेमुंदो वाहिनीची ‘ला रेइना देल सुर’, म्हणजे ‘दक्षिणेची राणी’ (२०११), ह्या तीन मालिका ह्या शाखेची प्रातिनिधिक उदाहरणे म्हणून घेता येतील. तिन्ही मालिका आधी प्रसिद्ध झालेल्या कादंबऱ्यांवर आधारलेल्या आहेत.

हा विषय मराठी अभ्यासकास दूरचा वाटण्याचा संभव आहे. तथापि चंद्रपूर जिल्ह्याच्या अलीकडील इतिहासात त्याचा एक धागा स्पष्ट सापडतो. त्या जिल्ह्यात १ एप्रिल २०१५ पासून दारूबंदी लागू झाली आणि २०२१ साली ती उठविण्यात आली. निवृत्त सनदी अधिकारी रमानाथ झा ह्यांच्या अध्यक्षतेखालील समितीच्या अहवालानंतर राज्य मंत्रिमंडळाने मे २०२१ मध्ये हा निर्णय घेतला. त्यामागे जी कारणे सांगण्यात आली, त्यांत अवैध दारूच्या गुन्ह्यांमध्ये स्त्रियांचा व मुलांचा सहभाग वाढला, हे एक होते. म्हणजे संघटित अवैध व्यापारातील स्त्री ही येथे कल्पनेतील वस्तू राहिलेली नाही. शासकीय निर्णयाच्या समर्थनात ती आलेली आहे. प्रश्न असा की, ती कोणत्या शब्दाने आलेली आहे? ‘दक्षिणेची राणी’ आणि ‘स्त्रियांचा सहभाग’ ही एकाच प्रकारच्या वास्तवाला दिलेली दोन टोकांची नावे होत. ह्या दोन नावांच्या मध्ये काय हरवते, ह्याचा विचार प्रस्तुत निबंधात करावयाचा आहे.

२

प्रथम नामकरणाचा प्रश्न घेऊ. आर्तुरो पेरेस-रेव्हेर्ते ह्यांच्या २००२ सालच्या कादंबरीतील तेरेसा मेंदोसा ही मेक्सिकोतील सिनालोआ प्रांताच्या कुलियाकान शहरातील सामान्य मुलगी. ती पळून स्पेनच्या ताब्यातील मेलिया शहरी जाते आणि पुढे जिब्राल्टरच्या सामुद्रधुनीतून चालणाऱ्या चोरट्या व्यापारात सत्ता मिळविते. ‘राणी’ ही पदवी तिला इतरांकडून मिळते. खोर्खे फ्रांको ह्यांच्या १९९९ सालच्या कादंबरीतील रोसारिओचे ‘तिहेरास’ हे आडनाव नव्हे. त्या शब्दाचा अर्थ ‘कात्री’ असा आहे, आणि आपल्यावर बलात्कार करणाऱ्यावर तिने उगवलेल्या सुडातून ते नाव तिला चिकटले आहे. दोन्ही नावे नायिकेस तिच्यासारख्या इतर स्त्रियांपासून वेगळी काढतात. एकदा राणी म्हटले की बाकीच्या सर्वजणी आपोआप प्रजा ठरतात. त्यांची गोष्ट सांगण्याची मग गरज उरत नाही.

मराठी वृत्तपत्रांनी ह्यासाठी ‘लेडी डॉन’ असा शब्द पत्करला आहे. हा शब्द भाषाभ्यासकाने थांबून पाहण्यासारखा आहे. ‘डॉन’ हे मूळ लॅटिन ‘दोमिनुस’, म्हणजे धनी, ह्या शब्दापासून आलेले आदरार्थी उपपद. ‘द गॉडफादर’ (१९७२) ह्या अमेरिकन चित्रपटाने आणि पुढे ‘डॉन’ (१९७८) ह्या हिंदी चित्रपटाने ते आपल्याकडे गुन्हेगारांच्या म्होरक्याला जोडले. वस्तुतः स्पॅनिशमध्ये ह्या उपपदाचे स्त्रीलिंगी रूप ‘दोन्या’ हे नित्य वापरात आहे. पोर्तुगीजमधील ‘दोना’ तर गोव्याच्या ‘दोना पावला’ ह्या स्थळनामामुळे मराठी माणसाच्याही कानावरचे आहे. असे असता मराठीने पुल्लिंगी शब्द तसाच ठेवून त्यास इंग्रजी ‘लेडी’ जोडले. ह्या शब्दघटनेत एक गृहीत दडले आहे : अधिकाराची जागा पुरुषाची असून स्त्री तेथे अपवाद म्हणून बसली आहे.

ह्याउलट मुंबईच्या गुन्हेगारी जगातील स्त्रियांना त्यांच्या परिसराने दिलेली नावे नात्याची अथवा आदराची होती. हसीना पारकर ही ‘आपा’ होती. कामाठीपुऱ्यातील गंगूबाई आणि दारूच्या धंद्यातील जेनाबाई ह्यांच्या नावांत ‘बाई’ हे जिजाबाई-लक्ष्मीबाईंचेच उपपद होते. नात्याचे संबोधन स्त्रीला अपवाद ठरवीत नाही. भय आणि आश्रय ही दोन्ही ते घराच्या भाषेत बोलून दाखविते. आपल्याकडील पटकथाकारांच्या हाती ही सामग्री होती. ती सोडून ‘क्वीन’ आणि ‘डॉन’ ह्यांच्याकडे वळण्यात भाषिक तोटा झाला आहे, असेच म्हणावे लागते.

३

दुसरा प्रश्न वारशाचा. ह्या कथांमधील स्त्रीच्या हाती सत्ता येते तरी कशी? तेरेसाच्या कथेचा आरंभ तिच्या वैमानिक प्रियकराच्या मृत्यूच्या वार्तेने होतो. भारतीय उदाहरणांतही हाच सांधा दिसतो. पोरबंदरच्या संतोकबेन जाडेजा ह्यांच्या पतीची १९८६ साली हत्या झाली. त्यानंतर टोळीची सूत्रे त्यांच्याकडे आली आणि १९९० मध्ये त्या कुतियाणा मतदारसंघातून गुजरात विधानसभेवर निवडून गेल्या. त्यांच्या जीवनाशी साम्य असलेल्या ‘गॉडमदर’ (१९९९) ह्या विनय शुक्लदिग्दर्शित चित्रपटात शबाना आझमी ह्यांनी ती भूमिका केली. हसीना पारकर हिचा पतीही मारला गेला. २०१७ च्या ‘हसीना पारकर’ ह्या चित्रपटातही ती घटना कथेचे वळण आहे.

पुरुषाच्या मृत्यूनंतर स्त्रीने कारभार हाती घेणे ही कल्पना चंद्रपूरला परकी नाही. गोंड राजा बीरशहा ह्याच्या मृत्यूनंतर, अठराव्या शतकाच्या आरंभी, राणी हिराईने दत्तक पुत्र रामशहाच्या बालपणी राज्य सांभाळले आणि पतीची समाधी बांधविली. ती आजही चंद्रपुरात अचलेश्वर मंदिराजवळ उभी आहे. ह्या राणीचा दाखला येथे तुलनेसाठीच घेतला आहे. तिचा अधिकार घराण्याच्या सातत्यातून आला होता आणि समाजाने तो त्याच अर्थाने मान्य केला होता. नार्कोनोव्हेला आणि तिची भारतीय भावंडे हाच जुना, मान्य साचा गुन्हेगारीच्या कथेस लावतात. विधवेच्या कर्तव्याचे तेज त्यामुळे चोरट्या व्यापाराला मिळते, आणि प्रेक्षकाची सहानुभूती पहिल्याच भागात नायिकेच्या बाजूस जाते.

ह्या मालिका गुन्हेगारीचे उदात्तीकरण करतात, हा आक्षेप सर्वत्र घेतला जातो. तो अगदी खोटा नाही; परंतु पुरेसाही नाही. गुस्ताव्हो बोलिवार ह्यांच्या कादंबरीवरील ‘सिन तेतास नो आय पाराइसो’ ह्या मालिकेस तो लागू पडत नाही. तिची नायिका कातालिना पेरेइरा शहरातील दरिद्री वस्तीत राहते. धनाढ्य तस्करांच्या पसंतीस उतरण्यासाठी शस्त्रक्रियेने स्तन मोठे करून घेण्याच्या ध्यासापायी ती नष्ट होते, आणि अखेर स्वतःच्याच हत्येची व्यवस्था करते. येथे राणीपद नाही आणि वारसाही नाही. बाजार शरीराची किंमत कशी ठरवितो, हे येथे क्रमाक्रमाने दाखविले आहे. ह्या शाखेतील सर्वांत कठोर आणि म्हणूनच सर्वांत नैतिक कृती तीच होय. उदात्तीकरण आहे की नाही एवढेच विचारणारा समीक्षक तेरेसा आणि कातालिना ह्यांतील हा भेद पाहू शकत नाही.

४

तिसरा प्रश्न बोलीचा. मेदेयीनच्या गरीब वस्त्यांत ‘पार्लाचे’ नावाची एक बोली घडली, आणि तिचा कोलंबियातील भाषाशास्त्रज्ञांनी पद्धतशीर अभ्यासही केला. रोसारिओच्या कथेचे जग ह्याच वस्त्यांचे आहे. हिंसेच्या जगाला त्याचीच बोली असू देणे हे ह्या परंपरेचे बळ होय. पण येथेही एक मर्यादा आहे. फ्रांको ह्यांच्या कादंबरीचा निवेदक अंतोनिओ हा रोसारिओच्या प्रेमात असलेला सुस्थितीतील तरुण आहे. तिची गोष्ट आपल्याला त्याच्या तोंडून कळते. पेरेस-रेव्हेर्ते ह्यांच्या कादंबरीतही तेरेसाचा माग काढणारा एक लेखक-पत्रकार निवेदक म्हणून येतो. स्त्री कृती करते आणि पुरुष तिची वाक्ये जुळवितो, ही रचना दोन्हीकडे समान आहे.

मराठीत हा प्रश्न अधिक बिकट होतो. आपल्या दूरचित्रवाणीवर वाकडे वागणारी स्त्री बहुधा घरातील खलनायिका असते आणि ती प्रमाण मराठी बोलते. विदर्भाची बोली पुष्कळदा हशा मिळविण्यासाठी राखून ठेवलेली असते. झाडीपट्टीच्या रंगभूमीनेही, म्हणजे भंडारा, गोंदिया, चंद्रपूर व गडचिरोली ह्या जिल्ह्यांत दिवाळीनंतरच्या हंगामात रात्रभर चालणाऱ्या नाटकांनीही, गंभीर पात्रांना प्रमाण मराठी आणि विनोदी पात्रांना झाडीबोली अशी वाटणी पुष्कळ अंशी स्वीकारली आहे. डॉ. हरिश्चंद्र बोरकर ह्यांच्यासारख्या अभ्यासकांनी झाडीबोलीचे स्वतंत्र रूप सिद्ध करूनही ही वाटणी फारशी मोडलेली नाही. ज्या बोलीत ‘पाणी’चे ‘पानी’ होते, त्या बोलीतून शोक अथवा अपराध बोलता येतो, ह्यावर रंगभूमीचा विश्वास बसावयास हवा.

५

आता ‘सहभाग’ ह्या शब्दाकडे वळू. गडचिरोली जिल्हा १९८२ साली चंद्रपुरातून वेगळा झाला. तेथे १९९३ पासून दारूबंदी आहे. ती लोकचळवळीतून आली, आणि तीत स्त्रिया अग्रभागी होत्या. चंद्रपुरातील बंदीच्या मागणीसाठीही २०१० साली स्त्रियांनी चिमूरहून नागपूरच्या अधिवेशनापर्यंत पदयात्रा काढली होती. म्हणजे ह्या प्रदेशात दारूविरुद्ध उभी राहणारी स्त्री आणि दारूच्या धंद्यात सापडलेली स्त्री एकाच गावच्या, कधी एकाच आळीतल्या आहेत. उन्हाळ्याच्या तोंडावर पहाटे मोहफुले वेचणारी स्त्रीही तीच. मोह हे आदिवासींच्या विधींतील द्रव्य आहे, घरखर्चाचे साधन आहे, आणि बंदीच्या कायद्याखाली तोच गुन्ह्याचा मुद्देमाल आहे. बाहेरून येणाऱ्या बाटलीबंद दारूचा व्यापार निराळा आहे. त्यात भांडवल, वाहने आणि साखळी लागते. ‘सहभाग’ हा शब्द ह्या दोन्ही व्यवहारांतील स्त्रियांना एकाच बेरजेत घालतो.

व्याकरणदृष्ट्या ‘सहभाग’ हे भाववाचक नाम आहे. त्याला कर्ता लागत नाही. कोणी पैसे गुंतविले, कोणी माल उतरविला, कोणी घरात लपविला आणि पोलीस आल्यावर कोण पुढे झाले, हे सांगितल्यावाचून ‘सहभाग वाढला’ असे म्हणता येते. पंचनाम्यात तिची ‘सदर महिला’ होते. तिने गोंडीत किंवा झाडीबोलीत सांगितलेली हकीकत दुसऱ्याच्या मराठीत उतरते. राणी ही एकटी आणि सर्वशक्तिमान. ‘सहभागी महिला’ अनेक आणि निःशब्द. एका शब्दात सारी जबाबदारी तिचीच, दुसऱ्यात तिची म्हणून काहीच नाही. न्यायाच्या दृष्टीने दोन्ही वर्णने सदोष आहेत, कारण जबाबदारी मोजण्यासाठी कर्ता आणि त्याची मर्यादा ही दोन्ही ठाऊक असावी लागतात.

नाटकाचे क्षेत्र ह्या दोहोंच्या मधले आहे. झाडीपट्टीच्या प्रेक्षकाला दारुड्या नवरा आणि सोशिक पत्नी ही जोडी परिचित आहे. दारू विकणारी स्त्री पात्र म्हणून उभी करणे अधिक अवघड आहे. गावसंघटनेच्या बायका मोहाचा सडवा ओतून देण्यासाठी एखाद्या दारी जातात, तेव्हा त्या घरच्या बाईला त्या काय म्हणून हाक मारतात? ती कोणाची काकी असेल, कोणाची वहिनी. ‘वो काकी’ म्हणून हाक मारून तिचे मडके फोडावयाचे, ह्या एका क्षणात नाते, कायदा, पोट आणि गावाचे हित ही चारही समोरासमोर येतात. ह्या प्रसंगाला बंदूक लागत नाही आणि राणीही लागत नाही. मात्र दोन्ही बाजूंच्या स्त्रियांना सारख्याच वजनाची वाक्ये द्यावी लागतील, आणि ती त्यांच्या बोलीतच द्यावी लागतील.

स्पॅनिश मालिकांपासून मराठी नाटककाराने घ्यावयाचे ते कातालिनाच्या कथेतील किमतीचा काटेकोर हिशेब आणि मेदेयीनच्या बोलीवरील विश्वास. तेरेसाचे सिंहासन त्याने तिकडेच राहू द्यावे. समीक्षकानेही अशी कृती समोर येताच तीन गोष्टी तपासाव्यात : नायिकेला नाव कोणी दिले, तिची सत्ता कोणाच्या मरणातून आली, आणि तिची वाक्ये कोणाच्या भाषेत आहेत. चंद्रपूर-गडचिरोलीच्या संदर्भात ह्यांतील तिसरी गोष्ट सर्वांत महत्त्वाची आहे, कारण ‘सदर महिला’ तिच्या स्वतःच्या भाषेत काय म्हणाली, हे पंचनाम्यातून कळत नाही आणि अहवालातूनही कळत नाही.