घरगुती स्वयंपाकाचा तीन तासांचा प्रयोग

जपानला जाणाऱ्यांच्या यादीत फुजी, फुशिमी इनारीच्या लाल कमानी आणि शिंकान्सेन यांच्या जोडीला आता आणखी एक गोष्ट हमखास असते: घरगुती स्वयंपाकाचा क्लास. तीन तास, पाच-सहा पाहुणे, कुणाच्या तरी घरातला ओटा, एप्रन, शेवटी एकत्र जेवण आणि रात्री ईमेलवर रेसिपींची पीडीएफ. मी क्योतोत असा एक क्लास केला. जेवण उत्तम होतं, शिकवणाऱ्या बाई हसतमुख होत्या, पैसे वसूल झाले. रिव्ह्यूचे पाच तारे मी देऊन टाकले. पण तारे देणं वेगळं आणि समीक्षा वेगळी. हा क्लास म्हणजे बसवलेला प्रयोग आहे. त्याला नेपथ्य आहे, संहिता आहे आणि प्रेक्षकांना दिसू नयेत म्हणून विंगेत ठेवलेल्या बऱ्याच गोष्टी आहेत. मग त्याच्याबद्दल नाटकाबद्दल लिहितात तसं लिहायला काय हरकत आहे?

आधी जे चांगलं आहे ते. पहिला अंक दाशीचा, आणि तो खरोखर दमदार आहे. थंड पाण्यात कोंबूची, म्हणजे वाळवलेल्या समुद्री शेवाळाची, पट्टी भिजत ठेवायची. मंद आचेवर पाणी तापवायचं आणि उकळी फुटायच्या आत पट्टी काढून घ्यायची. मग कात्सुओबुशीचे, म्हणजे धुरी देऊन लाकडासारख्या टणक केलेल्या बोनिटो माशाचे, कागदासारखे पातळ काप मूठभर टाकायचे, गॅस बंद करायचा, जरा थांबून गाळायचं. संपलं. तेल नाही, फोडणी नाही. आपल्या स्वयंपाकात चव तापलेल्या तेलात मोहरी तडतडली की सुरू होते. इथे ती पाण्यात सुरू होते, आणि न उकळण्यात कौशल्य असतं. कोंबूतला हाच गुण टोक्योच्या इकेदा किकुनाए या रसायनशास्त्रज्ञाने १९०८ मध्ये ग्लुटामेट म्हणून वेगळा काढला आणि त्या चवीला ‘उमामी’ हे नाव दिलं. पुढच्याच वर्षी ते ‘आजिनोमोतो’ म्हणून बाजारात आलं. कोकणात ज्यांच्या घरी वांग्याच्या भाजीत चार सोडे पडतात त्यांना उमामी समजावून सांगायची गरज नाही. लक्षद्वीपमध्ये तर ट्यूना उकडून, धुरावर धरून, वाळवून ‘मासमीन’ करतात. तो कात्सुओबुशीचा जवळचा नातेवाईक शोभेल.

दुसरी आवडलेली गोष्ट म्हणजे ‘सा-शि-सु-से-सो’. मसाले घालायचा क्रम लक्षात ठेवायची ही जपानी युक्ती: सा म्हणजे साखर (सातो), शि म्हणजे मीठ (शिओ), सु म्हणजे व्हिनेगर, से म्हणजे शोयू (जुन्या लेखनात ते ‘सेउयु’ असं लिहीत) आणि सो म्हणजे मिसोतला सो. साखर आधी, कारण मीठ आधी पडलं तर गोडवा आत मुरत नाही असं सांगतात. सोया सॉस आणि मिसो शेवटी, कारण शिजवत बसलं की त्यांचा वास उडून जातो. बाईंनी हे बाराखडीसारखं म्हणून दाखवलं, आणि ते बाराखडीसारखं वाटणं अगदीच योगायोगाचं नाही. जपानी अक्षरांचा आ-का-सा-ता-ना हा क्रम बौद्ध भिक्षूंनी संस्कृत वर्णमाला शिकता शिकता घडवला. क्योतोतल्या ओट्यावर अचानक आपलीच वर्णमाला भेटली.

खटकतं ते ‘घरगुती’ या शब्दाशी. आमचा मेन्यू होता भात, मिसो सूप, निकुजागा (मांस-बटाट्याचा गोडसर रस्सा), तामागोयाकी हे गुंडाळलेलं ऑम्लेट आणि तिळाच्या कुटातला पालक. एक सूप, तीन पदार्थ: ‘इचिजू-सान्साई’. युनेस्कोने २०१३ मध्ये जपानी आहारपरंपरेला, वाशोकूला, अमूर्त वारशाच्या यादीत घेतलं, तेव्हापासून ही रचना म्हणजेच जपानी घर असं चित्र पक्कं झालं आहे. आणि निकुजागा म्हणजे ‘ओफुकुरो नो आजी’, आईच्या हातची चव. बाईंनी तो शब्द उच्चारला तेव्हा टेबलाभोवती सगळे एकदम हळवे झाले.

पण ही आई फार जुनी नाही. जपानात शतकानुशतकं चार पायांच्या जनावरांचं मांस उघडपणे खाणं वर्ज्य होतं. सम्राट मेइजीने गोमांस खाल्ल्याची बातमी झाली ती १८७२ मध्ये. निकुजागाच्या जन्माची कथा अ‍ॅडमिरल तोगोच्या नौदलाशी जोडतात, आणि माइझुरू व कुरे ही दोन बंदरं त्यावर आपापला हक्क सांगतात. कथेला पुरावा तोकडाच आहे. तरी इतकं नक्की की हा सनातन वगैरे पदार्थ नाही. यात वाईट काही नाही. आपल्या उपासाच्या खिचडीतला साबुदाणा ज्या कंदापासून होतो तो, शेंगदाणे, बटाटा आणि मिरची हे सगळे मूळचे अमेरिकेतलेच. पदार्थ नवा असण्याबद्दल माझी तक्रार नाहीच. त्याच्याभोवती उभी केलेली आई मात्र मला नीट बघावीशी वाटते.

कारण त्या आईबद्दल जपानातच जोरात भांडण चालू आहे आणि क्लासमध्ये त्याचा मागमूस नसतो. दोइ योशिहारू हे टीव्हीवरचे लाडके स्वयंपाकशिक्षक. त्यांचे वडील दोइ मासारूही तेच करायचे, आणि ‘ओफुकुरो नो आजी’ हा शब्दप्रयोग लोकप्रिय होण्यात त्यांचा हात मानला जातो. त्या वडिलांच्या मुलाने २०१६ मध्ये एक पुस्तक लिहिलं. त्याचा प्रस्ताव साधा आहे: एक सूप आणि एक पदार्थ पुरे. भात, भरपूर भाज्या घातलेलं मिसो सूप आणि लोणचं एवढं रोज केलं तरी चालतं. सूपमध्ये टोमॅटो टाका, बेकन टाका, अंडं फोडा. पुस्तक प्रचंड खपलं. रोज तीन पदार्थ होत नाहीत म्हणून मनात अपराधीपणा घेऊन जगणाऱ्या बायकांना कुणीतरी जाहीरपणे मोकळं केलं होतं.

२०२० च्या उन्हाळ्यात जपानी ट्विटरवर बटाट्याच्या सॅलडवरून रण माजलं. सुपरमार्केटात तयार सॅलड उचलणाऱ्या, लहान मूल बरोबर असलेल्या बाईला एक म्हातारा म्हणाला, आई असशील तर निदान एवढं तरी घरी कर. हे पाहिलेल्या व्यक्तीने ते लिहिलं आणि देशभर वाद पेटला. पाठोपाठ फ्रोझन ग्योझाला नवरा ‘तेनुकी’, म्हणजे हातचं राखून केलेलं काम, म्हणाला अशी एक पोस्ट आली. त्यावर आजिनोमोतोच्या फ्रोझन विभागाने उत्तर दिलं की ही ‘तेनुकी’ नाही, ‘तेमा-नुकी’ आहे, म्हणजे खटाटोप वगळणं. कंपनी आपला माल विकणारच. तरी एका अक्षराची ती भर मला चलाख वाटली.

आणखी एक आकडा या भांडणाबद्दल बरंच सांगतो. एनएचकेवर १९५७ पासून चालू असलेल्या ‘क्यो नो र्योरी’, म्हणजे ‘आजचा स्वयंपाक’, या कार्यक्रमातलं प्रमाण सुरुवातीला पाच माणसांचं असायचं. १९६५ पासून ते चौघांचं झालं, २००९ पासून दोघांचं. क्लासमधलं घर मात्र अजून पाच जणांचंच आहे, त्यातले चार आम्ही पर्यटक.

आमच्या क्लासमध्ये एकच क्षण असा आला की प्रयोग थांबला आणि घर दिसलं. एका पाहुणीने विचारलं, तुम्ही रोज अशी दाशी करता? बाई हसल्या, त्यांनी ओट्याखालचा खण ओढला आणि दाणेदार दाशीचं पाकीट वर धरलं. ‘रोज हे,’ त्या म्हणाल्या. असलं पाकीट तिथल्या बाजारात १९७० पासून आहे. खण पुन्हा बंद झाला आणि आम्ही पालकाकडे वळलो. तो क्षण पीडीएफमध्ये नाही. पालक आधीच उकडून पिळून ठेवलेला होता, गाजरं आधीच सोललेली होती, तांदूळ आधीच धुतलेले होते. पाच जणांत घराची स्वयंपाकीण एकच होती, आणि आमच्यासाठीची अर्धी मेहनत तिने आम्ही यायच्या आत एकटीने उरकली होती. पुण्यात माझ्या फ्लॅटवर पोळीभाजी करायला मावशी येतात, आणि इथे मी पैसे मोजून दुसऱ्याच्या ओट्यावर तीळ कुटत होतो. हौस आणि काम यांच्यातला फरक त्या खलबत्त्यापाशी फार जवळून दिसतो.

क्लासच्या बाजूनेही एक गोष्ट बोलली पाहिजे. जे काम घरात आयुष्यभर फुकट होतं त्याला इथे तासाचा दर मिळतो. त्या दरासाठी आईची भूमिका वठवावी लागत असेल तर मी बाईंना नावं ठेवणार नाही. मागणी आमची आहे.

तुलना करायची तर ‘मिडनाइट डायनर’ घ्या. आबे यारोच्या मांगावरची ही मालिका बहुतेकांनी नेटफ्लिक्सवर पाहिली असेल. मध्यरात्री उघडणारी खानावळ, मेन्यूवर एकच जेवण, तोनजिरूचं, म्हणजे डुकराचं मांस आणि भाज्या घातलेल्या मिसो सूपचं. बाकी सामान असेल तर मागाल ते. लोक मागतात काय, तर ऑक्टोपसच्या आकारात कापलेले लाल सॉसेज, बटर घातलेला भात. सॉसेज पाकिटातलंच. ती खानावळ आहे, घर नाही, आणि ती तसा दावाही करत नाही. तरी घरचं अन्न म्हणजे काय हे तिथे क्लासपेक्षा जास्त कळतं, कारण कोण थकून आलंय, कुणाला काय आठवतंय हे ताटाआधी समजतं.

मला हवा असलेला क्लास मंगळवारी संध्याकाळी आठला सुपरमार्केटात सुरू होईल, तयार पदार्थांवर अर्ध्या किमतीचे स्टिकर लागतात तेव्हा. बटाट्याचं सॅलड विकत घ्यायचं. घरी सकाळी टायमर लावून ठेवलेल्या कुकरमध्ये भात तयार असेल, १८० मिलीच्या मापाने एक गो. फ्रिजमध्ये उरलेलं जे असेल ते मिसो सूपमध्ये, खणातलं पाकीट फोडून. चाळीस मिनिटांत जेवण, आणि मग सिंकमधली भांडी आम्ही घासायची. अशा क्लासला मी दुप्पट पैसे देईन. फोटो तेवढे बरे येणार नाहीत.